एसीचं प्रगतिपुस्तक

आमच्या घरात एसी नीट चालतोय की नाही, याचा निकाल मतदानाने लागतो आणि हा हक्क बजावायला कुणाला अंथरुणातून उठावंही लागत नाही. सासूबाई शालीतून नाक तेवढं बाहेर काढतात आणि "बर्फ पडतोय नुसता" असं जाहीर करतात. त्याच क्षणी, त्याच खोलीत, त्यांच्यापासून चार फुटांवर त्यांचे चिरंजीव, म्हणजे माझा नवरा, बनियन वर करून पोटाला हवा देत विचारतो, "हा एसी आहे की पंखा?" लेक हेडफोन लावून बसलेला असतो, मोबाइलची बॅटरी संपेपर्यंत त्याला ऋतू नसतात. घरात एसी एकच, त्यामुळे मे महिन्यात सगळं कुटुंब एका खोलीत नांदतं आणि एकाच भोकातून आलेल्या वाऱ्याबद्दल प्रत्येकाची वेगवेगळी तक्रार असते. मी शाळेत विज्ञान शिकवते. तापमान ही मोजता येणारी गोष्ट आहे, हे मी दरवर्षी आठवीच्या चार तुकड्यांना पटवून देते. घरच्या तुकडीला आजवर पटवता आलेलं नाही.

नवऱ्याचा सगळा भरवसा रिमोटवर. बाहेरून आला, बूट काढायच्या आधी रिमोट घेतला आणि खटाखट 16. का? तर लवकर थंड होतं. लिफ्टचं बटण दहा वेळा दाबल्यावर लिफ्ट जेवढी घाई करते, तेवढीच घाई एसी 16 चा आकडा बघून करतो. खोली 33 अंशांवर तापलेली असताना तुम्ही 24 मागा नाहीतर 16, कॉम्प्रेसर सुरुवातीला तसाही जिवाच्या आकांताने पळत असतो. फरक पडतो तो नंतर. 24 च्या आसपास आल्यावर आमचा इन्व्हर्टर एसी दमाने घ्यायला लागतो. 16 मागितले तर ठाण्याच्या दमट दुपारी, आमच्या पश्चिमेच्या भिंतीसमोर, तो तिथवर पोचतच नाही आणि थांबतही नाही. मुळात रिमोटवर दिसतो तो आपल्या मागणीचा आकडा. खोली त्या मागणीला काय उत्तर देतेय, ते तिथे लिहिलेलं नसतं. हे मी नवऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, "मग लिहिलंय कशाला?"

जानेवारी 2020 पासून आपल्याकडे नवे एसी चालू केल्यावर आपोआप 24 वर येतील असा नियम झाला. प्रत्येक अंशामागे वीज साधारण 6 टक्के वाचते, असं ऊर्जा दक्षता ब्युरो सांगतो. नवऱ्याच्या मते मात्र हा सरकारने थेट आमच्या बेडरूममध्ये केलेला हस्तक्षेप आहे. तसा तो कायदा पाळणारा माणूस आहे. सिग्नलला थांबतो, कर वेळेवर भरतो. त्याचा सविनय कायदेभंग काय तो या आठ अंशांपुरता.

यात भर म्हणून मे महिन्यात माझे बाबा अकोल्याहून येतात. अकोल्याचा माणूस उन्हाळ्याच्या बाबतीत कुणाचं ऐकून घेत नाही. पारा 44-45 वर गेल्याशिवाय तिकडे उन्हाळ्याची दखलच घेत नाहीत. बाबा आमच्या एसीकडे तुच्छतेने बघतात आणि म्हणतात, "याच्यापेक्षा आपला कूलर बरा राहते." गेल्या वर्षी सोसायटीच्या भंगारात कुणीतरी टाकलेला कूलर त्यांनी वर आणला, ताट्या बदलल्या, टाकीत पाणी भरलं आणि हॉलमध्ये चालू केला. तासाभरात सोफा ओलसर, पापड मऊ, वर्तमानपत्र लिबलिबीत. बाबा सर्वांत पुढे बसून घामाने निथळत म्हणाले, "हवा चांगली येऊन राहिली."

दोष कूलरचा नव्हता, गावाचा होता. अकोल्यात मे महिन्याच्या दुपारी हवा इतकी कोरडी असते की ताट्यांमधलं पाणी झपाझप वाफ होतं आणि वाफ होताना हवेतली उष्णता खेचून घेतं. ठाण्याची हवा आधीच खाडीचं पाणी पिऊन तट्ट झालेली. ती आणखी पाणी काय पिणार? इथे हवेत पाणी घालायचं नसतं, काढायचं असतं. आणि एसी हे यंत्र मुळात त्याच कामासाठी जन्माला आलं. 1902 मध्ये अमेरिकेतल्या ब्रुकलिनच्या एका छापखान्यात दमट हवेने कागद फुगायचा आणि एकावर एक छापायचे रंग जागेवर बसायचे नाहीत. विलिस कॅरिअर नावाच्या पंचवीस वर्षांच्या इंजिनिअरने हवेतला ओलावा काबूत ठेवणारी यंत्रणा तयार केली, ती त्या कागदासाठी. म्हणजे आधुनिक एसीची पहिली सेवा कागदाला मिळाली. माणसाचा नंबर नंतर लागला.

ही हकिकत ऐकून घरात एकट्या सासूबाई खूश झाल्या. कारण एसीची परीक्षा घ्यायची त्यांची स्वतःची पद्धत होती आणि ती बरोबर निघाली, असं त्यांना वाटलं. एसीच्या पाण्याची नळी त्यांनी बाल्कनीतल्या बादलीत सोडली आहे. बादली भरली की एसी चांगला, नाही भरली की कामचुकार. यात तथ्य अजिबात नाही असं नाही. हवेतलं एक लिटर पाणी गोठवायचं नाही, नुसतं दंवासारखं थंड पाईपांवर धरायचं म्हटलं, तरी दीड टनाच्या एसीची जवळजवळ आठ मिनिटांची पूर्ण मेहनत त्यात जाते. ती मेहनत थर्मामीटरवर दिसत नाही, बादलीत दिसते. पण सासूबाईंनी पुढची पायरी गाठली. त्यांच्या लक्षात आलं की एसीच्या खोलीत कपडे छान वाळतात. मग धुतलेल्या चादरी, नऊवार लुगडी, बाबांचे पायजमे असं सगळं आमच्या पलंगाभोवती दोऱ्यांवर आलं. रात्री पाणी प्यायला उठलं की आधी दोन चादरी बाजूला सारायच्या. चादरींमधलं पाणी हवेत, हवेतलं एसीच्या पाईपांवर, तिथून बादलीत. बादली दुप्पट वेगाने भरायला लागली आणि सासूबाईंनी एसीला पैकीच्या पैकी मार्क दिले. त्याच आठवड्यात नवऱ्याने त्याला नापास केलं.

नवरा नापास करून थांबत नाही, मेकॅनिकला बोलावतो.

मेकॅनिक आला. पायऱ्या चढून दमला होता. पाणी प्याला, एसीकडे खालूनच एकदा बघितलं आणि म्हणाला, "गॅस कमी आहे." अजून त्याने झाकण उघडलं नव्हतं, हत्यारांची पिशवी खांद्यावरच होती. या निदानाबद्दल मला तक्रार नाही. त्यामागच्या आत्मविश्वासाचं मात्र मला फार अप्रूप आहे. माझ्या माहितीतल्या प्रत्येक एसीचा गॅस कुठल्या ना कुठल्या उन्हाळ्यात 'संपलेला' आहे. वरच्या मजल्यावरच्या काकांचा तर दरवर्षी संपतो आणि दरवर्षी ते भरतात, वर "आम्ही मेंटेनन्सच्या बाबतीत काटेकोर" असंही सांगतात. त्या पैशांत आतापर्यंत नवा एसी आला असता, असं मनात येतं. बोलत नाही. त्यांच्याकडे आमच्या घराची दुसरी किल्ली असते.

गॅस संपायला तो काही सिलिंडरमधला गॅस नव्हे. एसीमधला गॅस जळत नाही, खर्च होत नाही. तांब्याच्या बंद नळ्यांमध्ये तो आत खोलीत येतो, उष्णता घेऊन वाफ होतो, बाहेरच्या युनिटमध्ये दाबला जातो, उष्णता टाकून पुन्हा द्रव होतो आणि परत फिरतो. वर्षानुवर्षं तोच. कमी झाला असेल तर कुठेतरी गळतोय, आणि गळती न बुजवता वरून भरणं म्हणजे पुढच्या उन्हाळ्यातल्या भेटीची तारीख आजच ठरवणं.

"गेला कुठे गॅस?" मी विचारलं.

"उडाला, मॅडम."

"कुठून?"

"जुना झाला ना एसी. थोडा थोडा जातो."

"मग आधी गळती शोधा. नायट्रोजन भरून प्रेशर टेस्ट करा, जोडांच्या नटांना साबणाचा फेस लावून बघा. बुडबुडे आले तर नीट करा. मग व्हॅक्यूम काढा आणि बाहेरच्या युनिटच्या पट्टीवर जेवढं वजन लिहिलंय तेवढा गॅस काट्यावर मोजून भरा."

मेकॅनिकने माझं सगळं ऐकून घेतलं. मग नवऱ्याकडे वळला. "साहेब, तुम्ही सांगा, करायचं का?"

"ती विज्ञान शिकवते," नवरा म्हणाला. हे ज्या सुरात म्हणाला तो सूर मला अजून आवडलेला नाही.

मेकॅनिक काटा आणायला म्हणून गेला. त्यानंतर त्याचा फोन बराच काळ लागला नाही. मी मात्र दुकानातून माशांच्या टाकीसाठी मिळतात तसले, लांब वायरचे दोन डिजिटल थर्मामीटर आणले आणि जाहीर केलं की आता या घरात मतदान बंद, परीक्षा सुरू.

परीक्षा सोपी असते. दारं-खिडक्या बंद करायच्या, एसीचा पंखा जोरात ठेवायचा, पंधरा-वीस मिनिटं चालू द्यायचा. एक थर्मामीटर आतल्या युनिटच्या वरच्या बाजूला लावायचा, जिथून तो खोलीतली हवा ओढतो. दुसरा खालच्या पात्यांमध्ये, जिथून थंड हवा सोडतो. दोन्हींतला फरक साधारण 8 ते 12 अंश आला तर गडी बरा आहे. फार दमट दिवशी थोडा कमी आला तरी लगेच घाबरायचं नाही, कारण त्याची बरीच शक्ती बादलीकडे गेलेली असते. चादरी अर्थातच आधी बाहेर काढायच्या. यावर सासूबाईंनी नाराजी नोंदवली.

लेक स्टुलावर चढला आणि पहिला थर्मामीटर लावताना एका वेगळ्याच गोष्टीचा गौप्यस्फोट झाला.

"वरून हवा आत जाते?" सासूबाई म्हणाल्या. "म्हणजे बाहेरची ताजी हवा येत नाही?"

"नाही. खोलीतलीच हवा आत घेतो, गार करून परत सोडतो."

नवऱ्याचा चेहरा उतरला. एवढी वर्षं त्याचीही समजूत होती की बाहेरचं युनिट बाहेरची हवा ओढून, गार करून आत पाठवतं. "म्हणजे रात्रभर आपण सगळे एकमेकांचे श्वासच..." त्याने बाबांकडे बघितलं. बाबा रात्री लसणाची चटणी खातात. त्या दिवसापासून झोपण्यापूर्वी दहा मिनिटं खिडकी उघडी ठेवायची प्रथा आमच्याकडे सुरू झाली. या सगळ्या प्रकरणातून आरोग्याचा झालेला फायदा तो एवढाच.

वाचन आलं. वर 28, खाली 15. फरक 13!

नवऱ्याने अक्षरशः टाळ्या वाजवल्या. "बघ! डिस्टिंक्शन! 12 च्या वर!" इतका वेळ एसीला नावं ठेवणारा माणूस दुसऱ्या क्षणी त्याचा पालक झाला. मला मात्र शंका आली. कागदावर हुशार आणि खोलीत उकाडा, असं कसं? हात पात्यांसमोर धरला. हवा थंडगार होती, पण येत होती ती उपकार केल्यासारखी. मी झाकण उघडलं आणि जाळ्या बाहेर काढल्या.

त्या जाळ्या होत्या हे आठवणीने ओळखलं, दिसत काहीच नव्हतं. वर राखाडी लोकरीचा एकसलग थर. घोडबंदर रोडला बारा महिने काही ना काही खोदलेलं असतं, त्याची माती, सासूबाईंच्या उदबत्त्यांची काजळी, बाबांची तपकीर, आणि आमच्या सर्वांचे, विशेषतः नवऱ्याचे, केस. त्याने ते ओळखले आणि क्षणभर गप्प झाला. हवा कमी गेली की ती थंड पाईपांजवळ रेंगाळते, जास्त गार होते, आणि थर्मामीटरवर मार्क भरघोस पडतात. पण खोलीला पाहिजे असते भरपूर गार हवा. चमचाभर अतिगार हवेने तिचं काय होणार? परीक्षेत एकच प्रश्न सोडवून त्यात पूर्ण गुण मिळवणारी मुलं माझ्या वर्गात आहेत, त्यांचा एकूण निकाल मला ठाऊक आहे.

जाळ्या नळाखाली धुतल्या, सावलीत वाळवल्या, परत बसवल्या. उन्हाळ्यात दर पंधरा दिवसांनी एवढं केलं तरी निम्मे मेकॅनिक बेकार होतील. हवा आता भसाभस यायला लागली, पडदे हलले, कॅलेंडरचं पान फडफडलं. पुन्हा वाचन. वर 28, खाली 21. फरक 7.

"बिघडवलास," नवरा म्हणाला. "धुऊन बिघडवलास. 13 होते, 7 केलेस."

त्याला समजावण्यात मी वेळ घालवला नाही. हवा पूर्ण, तरी फरक 7, आणि चादरी बाहेर असूनही. म्हणजे आता खरी अडचण दुसरीकडे होती. गॅस कमी असता तर बहुधा आतल्या पाईपांवर कुठेतरी बर्फ धरलेला दिसला असता, अर्धे पाईप गार आणि अर्धे कोमट लागले असते. तसं काही नव्हतं. शिवाय एक गोष्ट मी बरेच दिवस बघत होते: रात्री दोननंतर एसी गुणी बाळासारखा वागतो आणि दुपारी तीनला ढेपाळतो. म्हणजे याला उष्णता आतून उचलता येतेय, बाहेर टाकता येत नाहीये. बाहेरचं युनिट मागून हवा ओढतं आणि पुढून गरम वारा फेकतं. मागची वाट अडली, की उचललेली उष्णता टाकायची कुठे? कॉम्प्रेसर धापा टाकतो, वीज जास्त खातो, आणि खाली मीटरमधले युनिट 300 ची पायरी ओलांडून महागड्या टप्प्यात कधी जातात ते कळतही नाही. त्या पायरीचं नाव काढल्यावर नवऱ्याला एकदम विज्ञानात रस वाटू लागला.

आमचं बाहेरचं युनिट डक्टमध्ये, खिडकीपासून हातभर लांब, लोखंडी ब्रॅकेटवर टांगलेलं आहे. ते बसवणाऱ्या माणसाने पुढे कधी त्याला कुणी साफ करेल, अशी शक्यता गृहीत धरलेली नव्हती. लेकाने सेल्फी स्टिकला मोबाइल लावला आणि व्हिडिओ चालू करून युनिटच्या मागे सरकवला. मग आम्ही सगळे डोकी जुळवून ते चित्रीकरण बघायला बसलो. आधी धूळ. मग काड्या, झाडूचे हीर, केबलवाल्याने टाकलेल्या तारांचे तुकडे, एक राखी. भिंत आणि युनिट यांच्यामधली सगळी फट त्याने गच्च भरलेली. मग एक केशरी डोळा थेट कॅमेऱ्यात बघताना दिसला. मग डोळ्याच्या मालकिणीने जरा कूस बदलली आणि खाली पांढरी दोन अंडी.

"कबूतर!" नवरा म्हणाला. "सालं आपल्या एसीत बाळंतपण!"

"तोंड सांभाळ," सासूबाई म्हणाल्या. "लेकुरवाळी आहे."

दुसऱ्या दिवशी नवऱ्याने दुसरा मेकॅनिक मिळवला. हा तरुण होता, कमरेला पट्टा, हातात पाण्याच्या जोरदार फवाऱ्याचं यंत्र, आणि आल्या आल्या गॅसचं नाव न काढणारा. मी त्याला वाचनं दाखवली, रात्रीचा-दुपारचा फरक सांगितला. त्याने मान डोलावली, "बरोबर आहे मॅडम, बाहेरचं कॉइल चोक आहे, फवारा मारला की झालं." इतकं सुंदर मराठी वाक्य मी त्या उन्हाळ्यात ऐकलं नव्हतं. त्याने पट्टा खिडकीच्या गजाला अडकवला, एक पाय बाहेर टाकला.

आणि सासूबाई खिडकीत येऊन उभ्या राहिल्या.

"आधी पिल्लं उडू देत. मग काय ते फवारे मारा."

दादरच्या कबुतरखान्यावरून 2025 मध्ये मुंबईत केवढं रणकंदन झालं, ते आम्ही टीव्हीवर बघितलं होतं. कबुतरांच्या विष्ठेने फुप्फुसांना होणाऱ्या त्रासाबद्दल नवऱ्याने तेव्हाचं सगळं ज्ञान बाहेर काढलं. सासूबाईंनी ते शांतपणे ऐकलं. "कबुतरांना दाणे घालते का मी? नाही ना? पण आलेल्या बाळंतिणीला हाकलायचं नाही." बाबांनी प्रथमच कूलरचं नाव न काढता एसीच्या बाबतीत मत दिलं, आणि ते सासूबाईंच्या बाजूने दिलं. लेकाने तर तोवर व्हिडिओला संगीत लावून तो मित्रांना पाठवला होता. त्याच्या वर्गात अंड्यांना नावंही ठेवून झाली होती.

मेकॅनिकने एक पाय आत, एक बाहेर अशा अवस्थेत विचारलं, "आजी, किती दिवस लागतील?"

मी बघून ठेवलं होतं. अंडी फुटायला साधारण अठरा दिवस, मग पिल्लं उडायला महिनाभर. तेवढ्यात ठाण्यात पाऊस येतो. म्हणजे ज्या उन्हाळ्यासाठी हा सगळा खटाटोप, तो कबुतरांच्या नावावर जमा.

आता एसी 26 वर असतो आणि सोबत छताचा पंखा. वारा अंगाला लागला की 26 सुद्धा 24 वाटतात, शिवाय त्या अडलेल्या युनिटवरचा भारही कमी होतो. नवरा 16 ला हात लावत नाही. "तिला मागून गरम वाफ लागेल," असं तो म्हणाला, आणि गरम हवा पुढच्या बाजूने बाहेर पडते हे त्याला सांगायचं मी शिताफीने टाळलं. थर्मामीटर अजून तिथेच लटकतायत. त्यांतल्या एकाचं वाचन सासूबाई चहाच्या वेळी घेतात, सूनबाईंनी शिकवलं म्हणून शेजारणीला दाखवतात, आणि कोणता वरचा व कोणता खालचा हे दर वेळी नवऱ्याला विचारतात.

परवा सर्व्हिस सेंटरमधून फोन आला. मी स्वयंपाकघरात होते, सासूबाईंनी घेतला.

"मॅडम, तुमची एसीची तक्रार बरेच दिवस पेंडिंग दिसतेय. बंद करू का? काही अडचण आहे का?"

"अडचण कसली?" सासूबाई म्हणाल्या. "एक पिल्लू बाहेर आलंय. दुसऱ्याचं अजून व्हायचंय. तुम्ही असं करा, मृगानंतर फोन करा."